वऱ्हाडी वेबमालिका लिहायला घेतलीस ना, मग आधी एवढं कर

पहिला भाग वाचला. बाप अकोल्याच्या बाजार समितीत हमाल, पोरगी बारावीला. पाया पक्का आहे, सोडू नकोस.

आता बोली. तू वाक्यावाक्याला 'बे' आणि 'बाप्पा' पेरलंयस. नवे लोक बहुतेक इथेच घसरतात. वऱ्हाडी सुट्या शब्दांपेक्षा विभक्तीत आणि क्रियापदात जास्त असते: 'मला' नाही, 'मले', 'का रडतेस' नाही, 'काहून रडून राह्यली'. हे सांभाळलंस की 'बे' आपोआप कमी होतील. आणि बाप सगळीकडे सारखा बोलणार नाही. प्राचार्यांसमोर तो जपून 'मला' म्हणेल, पुढच्याच वाक्यात 'मले' निसटेल, आणि पोरगी खाली बघेल. हसू या धडपडीतून येऊ दे. बोलीलाच हसायला लावू नकोस, आपल्या माणसांना ते लागतं.

सध्या इतकंच:
- दोन सकाळी हमालांसोबत चहा घे, नुसतं ऐक. रेकॉर्ड करायचं तर विचारून.
- भाग ७-८ मिनिटांचा, पात्रं तीनच.
- दारुडा बाप नको, फार वापरून झालाय.

बाप थुंकी लावून फीच्या नोटा दोनदा मोजतो आणि तिसऱ्यांदा पोरीला मोजायला देतो, तो प्रसंग मात्र लांबव. मला तिथे गलबलून आलं.

कॅमेरा, प्रायोजक वगैरे नंतर बोलू. दुसरा भाग झाला की आजीला मोठ्याने वाचून दाखव. ती जिथे 'असं नाई म्हनत' म्हणेल, तिथे खूण कर आणि मला पाठव.