नक्षल प्रकरणात अटक झालेल्या गावकऱ्याचा खटला मिलिटरी कोर्टात चालू शकतो का?

भामरागडकडच्या तुमच्या पुतण्याला यूएपीएखाली (बेकायदेशीर कृत्ये प्रतिबंधक कायदा) अटक झाली आहे. 'कुलभूषण जाधवसारखं मिलिटरी कोर्टात नेतील, मग हायकोर्टाचंही चालणार नाही' असं गावात बोललं जातंय, असं तुम्ही लिहिलंय. तसं होणार नाही. आपल्याकडे कोर्ट मार्शल असतं ते सैन्यातल्या माणसांसाठी. नक्षलविरोधी कारवाया करणारं सी-६० हे पोलिसांचं पथक आहे आणि सीआरपीएफ केंद्रीय गृहखात्याचं, दोन्ही सैन्य नव्हेत. पुतण्याचा खटला सत्र न्यायाधीशापुढेच चालेल. अपील मुंबई हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात, दोन न्यायमूर्तींपुढे.

जाधवांना २०१७ मध्ये पाकिस्तानच्या लष्करी न्यायालयाने फाशी सुनावली. जुलै २०१९ मध्ये हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने त्या शिक्षेचा फेरविचार करायला सांगितलं, तेव्हा पाकिस्तानला वेगळा कायदा करून इस्लामाबाद हायकोर्टाची वाट मोकळी करावी लागली. एरवी तिथलं हायकोर्ट लष्करी निकालात अधिकारकक्षा आणि दुष्ट हेतू एवढंच तपासतं, पुराव्यात सहसा शिरत नाही. २०१८ मध्ये पेशावर हायकोर्टाने ७४ जणांच्या शिक्षा रद्द केल्या, पण त्या निकालाला सुप्रीम कोर्टाने स्थगिती दिली. नागपुरात मात्र अपिलात सगळा पुरावा पुन्हा वाचला जातो.

आता मुख्य काम. एका वहीत तारखा लिहून काढा, कारण इथे तारखा चुकल्यानेच माणूस आत राहतो.

अटकेपासून २४ तासांत (प्रवासाचा वेळ सोडून) मॅजिस्ट्रेटपुढे हजर केलं का? अटकेची कारणं लेखी दिली का? मे २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने यूएपीएतही ती लेखी द्यायलाच हवीत असं ठरवलं. पोरगं फक्त माडिया बोलत असेल तर त्याला ती कळली का, हा मुद्दा वकिलाने पहिल्याच तारखेला लेखी मांडावा.

यूएपीएत पीसीआर (पोलीस कोठडी) एकूण ३० दिवसांपर्यंत मिळू शकतो. आरोप प्रथमदर्शनी खरा वाटला तर कलम ४३-ड(५) मुळे जामीन मिळतच नाही म्हणा. म्हणून चार्जशीटची मुदत डोळ्यांत तेल घालून पाहावी. ९० दिवस मोजायचे ते पहिल्या रिमांडच्या (कोर्टाने कोठडीत पाठवल्याच्या) तारखेपासून, तो दिवस धरून. अटकेच्या तारखेपासून मोजणारे इथेच चुकतात. मुदत १८० दिवसांपर्यंत वाढवून मिळते, पण ९० संपायच्या आत सरकारी वकिलाचा अहवाल लागतो आणि आदेश विशेष किंवा सत्र न्यायालयाचाच लागतो. खालच्या मॅजिस्ट्रेटने दिलेली वाढ टिकत नाही. त्या सुनावणीला आरोपीला हजर ठेवलं नसेल, तर त्यावरही हरकत घेता येते. मुदतवाढ नाही आणि चार्जशीटही नाही, तर ९१व्या दिवशी कोर्ट उघडताच डिफॉल्ट जामिनाचा (मुदतीत चार्जशीट न आल्याने हक्काने मिळणाऱ्या जामिनाचा) अर्ज टाका. दुपारपर्यंत थांबलात आणि मधेच चार्जशीट दाखल झालं, तर हक्क गेला.

पुढे खटल्याला सरकारची मंजुरी आहे का पाहा, यूएपीएचं कलम ४५. पुरावे मिळाल्यापासून सात कामाच्या दिवसांत पुनर्विलोकन प्राधिकाऱ्याची (पुरावे तपासायला सरकारने नेमलेल्या) शिफारस आणि त्यानंतर सात कामाच्या दिवसांत सरकारचा आदेश हवा. माओवाद्यांशी संबंधांच्या यूएपीए खटल्यात प्रा. साईबाबांना गडचिरोली सत्र न्यायालयाने मार्च २०१७ मध्ये जन्मठेप दिली होती. ऑक्टोबर २०२२ मध्ये नागपूर खंडपीठाने याच मंजुरीच्या दोषावरून त्यांना सोडलं. सुप्रीम कोर्टाने तो निकाल रद्द करून प्रकरण परत पाठवलं. ५ मार्च २०२४ ला दुसऱ्या पीठाने मंजुरी आणि पुरावा दोन्ही तपासून पुन्हा निर्दोष ठरवलं. अटकेपासून जवळपास दहा वर्षं गेली. म्हणून मंजुरीची हरकत खटल्याच्या सुरुवातीलाच लेखी घ्या.

वकिलाला पैसे नसतील तर गडचिरोलीच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा किंवा १५१०० वर फोन करा. आदिवासी असो वा कोठडीतला कोणीही, उत्पन्न न बघता वकील मोफत मिळतो. जामीन नाकारला तर त्याच दिवशी नकलेसाठी अर्ज करा, कारण अपिलाची मुदत ३० दिवसांची आहे.