गुणाकार केला, मग कमी कसं झालं?

"पाढे तोंडपाठ आहेत मॅडम, अपूर्णांकांचे गुणाकारही पटापट करते, पण शाब्दिक उदाहरण आलं की गुणायचं का भागायचं हेच कळत नाही तिला." पाचवी-सहावीचे पालक हे इतक्यांदा सांगतात की 'पाढे' म्हटल्याबरोबर पुढचं सगळं मला कळतं. म्हणून एक केस लिहिते. भेटी चार-पाच झाल्या, इथे मोजकंच.

सहावीतली मुलगी, सोबत आई. मी विचारलं, टाकी ३/४ भरलेली होती, त्यातलं २/३ पाणी वापरलं, आता टाकीचा किती भाग भरलेला आहे? तिने झटक्यात ३/४ वजा २/३ केलं, छेद समान वगैरे सगळं चोख, उत्तर १/१२.

"वजाबाकी का केलीस?"

"वापरलं म्हणजे वजा ना. आणि गुणलं तर वाढेल."

आई कपाळाला हात लावायच्या बेतात होती, मी खुणेनेच थांबवलं. पूर्ण संख्यांनी दोन-तीन वर्षं तिला हेच तर शिकवलंय, गुणलं की वाढतं! यात ढपणा कुठे आला?

पेन्सिल बाजूला ठेवायला लावली नि कोरा कागद दिला. मानसशास्त्रज्ञ ब्रूनरने सांगितलेला शिकवण्याचा क्रम मी सोडत नाही, आधी हात मग चित्र मग चिन्ह. तिने कागदाला उभ्या घड्या घालून चार भाग केले, तीन रंगवले. म्हटलं, आता या रंगवलेल्याचे २/३ दाखव. जरा अडखळली, मग आडव्या घड्या घालून तीन पट्टे केले आणि दोन पट्ट्यांत, फक्त रंगावर, रेघा मारल्या. कागद उलगडून बोटाने घरं मोजायला लागली. एकूण बारा, रेघांची सहा.

"म्हणजे अर्धा?" थोडा वेळ कागदाकडे बघत राहिली. "मॅडम, चार त्रिक बारा घरं झाली, म्हणून छेद गुणतात का?"

मी काहीच बोलले नाही. हे गप्प बसणं शिकायला मला बरीच वर्षं लागलीत हं.

मग ती आपणच म्हणाली, वापरलं १/२, टाकीत राहिलं १/४.

पण तिचं १/१२ फुकट गेलं असं मला वाटत नाही, ते दुसऱ्याच प्रश्नाचं बरोबर उत्तर होतं. 'टाकीच्या २/३ इतकं पाणी वापरलं' असं असतं तर तेच आलं असतं. सगळा खेळ 'कशाचा?' या एका प्रश्नाचा आहे. आपल्या भाषेत तो 'चा-ची-चे' मध्येच बसलाय, पाऊणचा निम्मा म्हटलं की गुणाकार झालाच. तेव्हा घरी २/३ × ३/४ हे 'तीन चतुर्थांशाचे दोन तृतीयांश' असं वाचून घ्या. 'वापरलं', 'उरलं' असे शब्द हेरून क्रिया ठरवायची युक्ती शिकवली असेल तर ती आधी विसरायला लावा. आकडेमोडीआधी विचारा, उत्तर लहान येईल का मोठं? १ पेक्षा लहान अपूर्णांकाने गुणलं तर लहान, ५/४ ने गुणलं तर मोठं. अंशाला अंश, छेदाला छेद हा नियम सगळ्यात शेवटी आला तरी चालतो, उशीर झाला म्हणून काही बिघडत नाही.

शेवटच्या भेटीला तिने आईसाठी स्वतः उदाहरण बनवून आणलं: पुस्तकाचा ५/६ भाग वाचला, वाचलेल्यातलं ३/५ विसरले, तर किती पुस्तक लक्षात आहे? आईने वजाबाकी करून ७/३० काढलं.

"कशाचे ३/५, आई?" असं म्हणत तिने घडी घातलेला कागद पुढे सरकवला.