रंगपटातली पत्रं : लॉन चेनी कोण होता?

गेल्या अंकात दाढी चिकटवायच्या गोंदाविषयी लिहिताना ओघात लॉन चेनी या मूकपटांच्या काळातल्या हॉलिवूड नटाचं नाव आलं. एवढ्याशा उल्लेखावर इतकी पत्रं येतील असं वाटलं नव्हतं. म्हणून टोपांना वाळवी लागण्याचा प्रश्न पुढच्या अंकात घेतो आणि या वेळी सगळी जागा चेनीला देतो.

प्रश्न : काका, गावच्या जत्रेच्या नाटकात मला दरवर्षी म्हातारा नाहीतर खलनायक मिळतो. नायकाचं काम एकदाही नाही. तुम्ही लिहिलंत की चेनीनं जन्मभर असलीच कामं केली आणि तरी लोक त्याच्या नावावर तिकीट काढत. हे कसं काय? (एक वाचक, फोंडा तालुका)

उत्तर : जास्त वर्गणी देईल तो नायक, हा आपल्या बऱ्याच गावांतला अलिखित कायदा आहे, त्यामुळे तुझं दुखणं मला कळतं. चेनीचं दुखणं वेगळं होतं. तो १ एप्रिल १८८३ रोजी अमेरिकेतल्या कोलोरॅडो स्प्रिंग्ज गावी जन्मला. बाप न्हावी. शाळा लवकर सुटली. गावच्या ऑपेरा हाउसमध्ये तो पडदे ओढायला आणि सामान हलवायला लागला, म्हणजे नाटकात शिरला तो मागच्या दारानं. मग फिरत्या मंडळ्यांतून नाचला, गायला, विनोदी कामं केली, दुसऱ्यांचे नाच बसवले. ही सगळी हमाली पुढे कामाला आली.

सिनेमात तो हौसेनं गेला नाही. १९१३ साली लॉस एंजेलिसच्या एका थिएटरात त्याची मंडळी खेळ करत होती. त्याची बायको क्लेव्हा स्वतः गायिका. नवरा-बायकोचं पटत नव्हतं. तिथेच, थिएटरात, तिनं पाऱ्याचं विष घेतलं. जीव वाचला, पण गळा गेला तो कायमचा. बोभाटा एवढा झाला की चेनीची रंगभूमी त्याच्यासाठी बंद झाली. हातात एक लहान मुलगा. तेव्हा युनिव्हर्सल स्टुडिओत रोजंदारीवर मिळेल ते काम त्यानं धरलं. आज खलाशी, उद्या गुंड, परवा म्हातारा. रंगाची पेटी स्वतःची, आरसा स्वतःचा. त्या काळात तिकडे रंगभूषाकार म्हणून वेगळा माणूस ठेवायची पद्धतच रुजली नव्हती. नटानं आपलं तोंड आपण रंगवावं, जसं पेडण्याकडचे दशावतारी आजही पेटाऱ्यावर आरसा टेकवून रंगवतात. चेनी इतरांहून निराळा ठरला तो इथेच. बाकीचे तोंड रंगवून मोकळे होत. तो आधी या माणसाचा खांदा कुठला उतरलेला, पाय कुठला जड, हे ठरवून मग रंगाला हात लावत असे.

पाच वर्षं राबून पगारवाढ मागितली तर स्टुडिओवाल्यांनी वाटेला लावलं. मग १९१९ साली 'द मिरॅकल मॅन' आला. त्यात तो लुळ्या-पांगळ्याचं सोंग घेऊन लोकांना लुबाडणाऱ्या टोळीतला एक. पिळवटलेलं अंग जमावासमोर हळूहळू सरळ होत जातं, असा प्रवेश होता. त्या चित्रपटाचे आज जेमतेम काही तुकडे उरले आहेत, पण हा प्रवेश सुदैवानं त्यांत आहे. तिथून त्याचं नाव झालं. १९२८-२९च्या सुमारास अमेरिकेतल्या थिएटरवाल्यांना सर्वांत जास्त गल्ला मिळवून देणाऱ्या नटांत तो अगदी वरच्या पायरीवर होता. देखणा नव्हता आणि शेवटी नायिका बहुतेक दुसऱ्याच्या गळ्यात पडायची.

एका माणसानं अनेक सोंगं घेण्याचं वेड तेव्हा आपल्याकडेही होतं. १९१७ साली फाळक्यांच्या 'लंकादहन'मध्ये साळुंके या नटानं राम आणि सीता दोन्ही कामं केली. तीन वर्षांनी 'आउटसाइड द लॉ'मध्ये चेनी दोन माणसं झाला आणि त्यातल्या एकानं दुसऱ्याला गोळी घातली! यातलं एक पात्र चिनी होतं. अशी चिनी पात्रं त्यानं आणखीही केली आणि आज ती बघताना अवघडल्यासारखं होतं, हेही सांगून ठेवतो. कारागिरी मोठी म्हणून सगळंच डोक्यावर घ्यावं असं नाही.

प्रश्न : मी कर्णबधिर मुलांना शिकवते. चेनीचे आईवडील बहिरे होते असं ऐकलं. हे खरं आहे का? आणि त्याच्या अभिनयाशी याचा खरोखर संबंध आहे, की नंतर जोडलेली गोष्ट? (एक शिक्षिका, डिचोली)

उत्तर : अगदी खरं आहे. आई आणि वडील दोघंही बहिरे. आईच्या वडिलांनी तर १८७४ साली कोलोरॅडोत बहिऱ्या मुलांसाठी शाळा काढली होती. त्यामुळे चेनीच्या घरात हातांची भाषा ही रोजची, जेवणाखाणाची भाषा. पुढे आई संधिवातानं अंथरुणाला खिळली आणि तिच्यापाशी राहायला म्हणून पोरानं शाळा सोडली. गावात कोण कसं चाललं, कुणाचं कुणाशी भांडण झालं, हे तो तिला करून दाखवायचा. तिला बाहेरचं जग दिसायचं ते पोराच्या अंगातून.

आता संबंध. माझ्या मते आहे, आणि तो चेहऱ्यात शोधू नये. 'द फँटम ऑफ द ऑपेरा' (१९२५) बघा. बराच वेळ त्याच्या तोंडावर मुखवटा आहे. डोळे, भुवया, ओठ काहीच हाताशी नाही. तरी तो नायिकेला तळघरातून नेताना तुम्हाला कळतं की हा माणूस तिच्यावर भाळला आहे आणि तिला घाबरलाही आहे. कसं कळतं? हात पुढे जातो आणि पोचण्याआधीच थबकतो. बोटं लांब, एकेक सुटी. पाठ ताठ, पण मान तिच्याकडे किंचित झुकलेली. आपल्या काल्यात, म्हणजे जत्रेतल्या रात्रभरच्या दशावतारी खेळात, संकासूर हा राक्षस येतो त्याचं तोंड काळ्या कापडात असतं, बाहेर दिसते ती लोंबती तांबडी जीभ. चांगला संकासूर आणि रडका संकासूर यांतला फरक ओळखायचा तो खांद्यावरून आणि पावलावरून. ज्यानं लहानपणी काल्याला पुढच्या रांगेत बसून रात्र काढली आहे, त्याला चेनी समजावून सांगावा लागत नाही.

तुमच्या मुलांना हा चित्रपट जरूर दाखवा. मधल्या इंग्रजी पाट्या वाचून दाखवायची घाई करू नका. आधी त्यांना काय कळलं ते विचारा. तुमची मुलं कदाचित माझ्यापेक्षा जास्त सांगतील.

'द अननोन' (१९२७) मध्ये त्याच्याबरोबर जोन क्रॉफर्ड होती, तेव्हा अगदी नवखी. कॅमेऱ्यासमोर उभं राहणं आणि अभिनय करणं यांतला फरक चेनीला बघून कळला, असं तिनं पुढे सांगितलं आहे. त्यात तो हात नसलेला सुरीफेक्या आहे. पायानं सिगारेट पेटवतो, पायानं सुऱ्या फेकतो. यातलं पायाचं बरंच काम पॉल डेस्मुक या खरोखर हात नसलेल्या कलाकाराचं आहे. चेनीच्या धडाला डेस्मुकचे पाय जोडून चित्रीकरण केलेलं. जोड कुठे आहे ते मला अजून नीट सापडत नाही.

प्रश्न : 'हंचबॅक ऑफ नोत्र दाम'साठी त्यानं सत्तर पौंडांचं कुबड पाठीवर घेतलं, पाठीचा कणा कायमचा दुखावला, असं वाचलं. आजचे नट एवढं सोसतील का? (एक निवृत्त वाचक, पेडणे)

उत्तर : सत्तर पौंड म्हणजे बत्तीस किलो. तेवढं ओझं पाठीवर घेऊन नोत्र दामच्या भिंतीवरून माकडासारखं उतरायचं म्हणजे काय, हे ज्यानं कधी भाताचं पोतं उचललं असेल त्यानं सांगावं. पण हा आकडा स्टुडिओच्या प्रसिद्धी खात्याचा. चेनीचा नीट अभ्यास केलेल्यांनी तो वीस पौंडांच्या आसपास आणून ठेवला आहे. कुबड प्लास्टरचं होतं, ते पट्ट्यांनी अंगाला बांधलेलं, एक डोळा झाकलेला. त्रास होताच. १९२० सालच्या 'द पेनल्टी'मध्ये तर दोन्ही पाय मागे दुमडून चामड्याच्या पट्ट्यांनी आवळले आणि तो गुडघ्यांवर चालला. ते साज फार वेळ अंगावर ठेवताच येत नसे, थोड्या थोड्या वेळानं सोडावं लागे. 'फँटम'मध्ये नाक वर ओढून धरायला तार वापरली, तिनं रक्त यायचं, असं त्याच्या कॅमेरामननं सांगून ठेवलं आहे.

पण पेडणेकर, सोसण्याचं एवढं कौतुक मला पटत नाही. रंगभूषाकार म्हणून मी जन्म काढला. नटाला दुखलं म्हणजे काम चांगलं झालं, असं मानणारे दिग्दर्शक मी पुष्कळ पाहिले, आणि त्यांतल्या एकालाही स्वतःच्या नाकाला तार लावून घेताना पाहिलं नाही. चेनीची खरी करामत त्या कळेत नव्हती. ती कमीत कमी सामानात होती. कापूस, कोलोडियन (कातडीवर वाळून पापुद्रा धरणारं द्रव), मेण, स्पिरिट गम (दाढीमिशा चिकटवायचा गोंद), नाकाचा आकार बदलायचा लगदा, काळा-पांढरा रंग. बस्स. रबराचे तयार चेहरे नंतर आले. एन्सायक्लोपीडिया ब्रिटानिकाच्या १९२९च्या आवृत्तीत रंगभूषेवरचा लेख चेनीचा आहे, यावरून काय ते समजा. त्याची रंगाची पेटी लॉस एंजेलिसच्या संग्रहालयात जपून ठेवली आहे. आमच्यापैकी कुणाची पेटी कुठे ठेवली आहे का, हा प्रश्न मी विचारत नाही.

आणि त्याच्या सर्वांत गाजलेल्या कामांपैकी एका कामात रंग जवळजवळ नाहीच. 'टेल इट टू द मरीन्स' (१९२६) मध्ये तो एक राकट सार्जंट झाला आहे, स्वतःच्याच तोंडानं. ते काम अमेरिकन मरीन दलाला एवढं आवडलं की त्यांनी त्याला मानद मरीन करून घेतलं. सोसण्यावर पत्र लिहिणाऱ्यांनी हा चित्रपट आधी बघावा.

प्रश्न : बोलपट आल्यावर त्याचं काय झालं? आणि 'वुल्फ मॅन'मधला लॉन चेनी हाच का? (एक वाचक, मडगाव)

उत्तर : 'वुल्फ मॅन' (१९४१) मधला त्याचा मुलगा. मूळ नाव क्रेटन. बाप हयात असेपर्यंत तो नटाच्या धंद्यात नव्हता. पुढे स्टुडिओवाल्यांच्या आग्रहाखातर बापाचं नाव लावलं, आणि त्याचं तोंड रंगवायला जॅक पिअर्स होता. तोवर स्टुडिओंत या कामाला वेगळी माणसं आली होती.

बाप बोलपटाला बराच काळ तयार होत नव्हता. शेवटी १९३० साली त्यानं आपलाच जुना मूकपट 'द अनहोली थ्री' बोलता केला. त्यात तो पोटातून आवाज काढून बाहुलीला बोलतं करणारा शब्दभ्रमकार आहे. स्वतःचा, म्हातारीचा, पोपटाचा, बाहुलीचा, एका मुलीचा, असे पाच आवाज त्यानं काढले आणि ते सगळे आपलेच आहेत असं शपथपत्र केलं! चित्रपट जुलैत लागला. २६ ऑगस्टला चेनी गेला, फुप्फुसाच्या कर्करोगानं, वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी. त्याचा एकुलता एक बोलपट तो हाच.

प्रश्न : काका, आम्ही कॉलेजच्या एकांकिकेत 'फँटम'सारखा चेहरा करणार आहोत. नाक वर ओढायला पॅकिंगची टेप लावली तर चालेल का? (एक विद्यार्थिनी, म्हापसा)

उत्तर : मुळीच नको. पॅकिंगची टेप घामानं सुटते आणि सुटली नाही तर कातडीसकट येते. तार तर लांबच राहू दे. डॉक्टर जखमेवर लावतात ती कागदी पट्टी औषधांच्या दुकानात मिळते, ती घे. नाकाच्या शेंड्यापासून कपाळाकडे अरुंद पट्टी हलकेच ओढून लाव, वरून बेस थापून टाक. नाकपुड्यांच्या आत आणि कडेला गडद तपकिरी रंग दे, काळा नको, काळा दिव्यात भोकासारखा दिसतो. डोळ्यांखाली गडद, गालाच्या हाडावर फिकट. बाकीचं काम दिव्यावाल्याकडून करून घे, उजेड खालून मारायला सांग. कोलोडियन डोळ्याजवळ अजिबात नाही. स्पिरिट गम वापरणार असाल तर आदल्या दिवशी कोपराच्या आत ठिपका लावून बघा, पुरळ उठतं की नाही ते.

'फँटम' आणि 'हंचबॅक' दोन्ही चित्रपट इंटरनेटवर फुकट आणि पूर्ण बघता येतात. तालमीआधी सगळ्यांनी एकदा आवाज बंद करून बघा. वर चढवलेलं पियानोचं संगीत बहुतेक प्रतींत नंतरचं आहे आणि ते उगाच घाबरवत राहतं. प्रयोग झाल्यावर पट्टी ओरबाडू नका. खोबरेल तेल चोळा, पाच मिनिटं थांबा, आपोआप सुटेल.