इंग्रजीतल्या ‘गो’चा (जाणे) भूतकाळ ‘वेंट’ कसा? आणि ‘गो’ संस्कृतातल्या ‘गम्’वरून आला का?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो: नाही. पण पहिल्यातून गेल्याशिवाय त्यातली गंमत कळणार नाही.

‘वेंट’ हे मुळात ‘गो’चं रूपच नाही. ते ‘वेंड’ या वेगळ्या क्रियापदाचं आहे. वेंड म्हणजे वळणं, वाट धरणं. सेंड-सेंट, बेंड-बेंट, तसंच वेंड-वेंट. जुन्या इंग्रजीत ‘गो’चा भूतकाळ ‘एओदे’ होता, आणि तोही परक्याच धातूचा! पंधराव्या शतकापर्यंत दक्षिण इंग्लंडात ‘वेंट’नं त्याला हुसकावलं. स्कॉटलंडकडे लोकांनी ‘गेड’ असं शहाणं, नियमातलं रूप घडवलं, पण प्रमाण इंग्रजी दक्षिणेच्या वळणावर गेली. बिचाऱ्या ‘वेंड’ला मग ‘वेंडेड’ हा नवा भूतकाळ शिवून घ्यावा लागला.

इंग्रजीला हसण्याआधी आपलं बघा. ‘जातो’चं ‘जाला’ होत नाही, ‘गेला’ होतं. ‘जाणे’ आलं संस्कृत ‘या’ धातूवरून (याति), आणि ‘गेला’ आलं ‘गम्’च्या ‘गत’वरून. शाळेत कुणी हे सांगत नाही, कारण आपल्याला ते कधी खटकतच नाही. फ्रेंचमध्ये तर ‘जाणे’ तीन धातूंची गोधडी आहे.

अर्थांचं म्हणाल तर दोन्ही भाषांत हे क्रियापद नुसतं चालत नाही: दूध नासून जातं, वीज जाते, माणूस जातो. इंग्रजीत ते ‘गोइंग टू’ होऊन भविष्यकाळही दाखवतं, आपल्याकडे ‘केलं जातं’मध्ये कर्मणी प्रयोगाला लागतं.

आता ‘गम्’. ‘गो’शी त्याचा आवाज जुळतो, पण नातं आहे ‘कम’शी, म्हणजे ‘येणे’शी! संस्कृतात जिथे ‘ग’ टिकला, तिथे इंग्रजीच्या घराण्यात ‘क’ झाला. जर्मन भाषाशास्त्रज्ञ याकोब ग्रिमनं 1822मध्ये असे वर्णबदल नियमात बसवून दाखवले. संस्कृत ‘गो’ म्हणजे गाय, तिचं इंग्रजीतलं भावंड ‘काऊ’. त्याच हिशेबानं ‘गम्’चं भावंड ‘कम’. म्हणजे ‘तो गेला’मधला ‘गेला’ आणि इंग्रजी ‘केम’ एकाच मुळाचे. आवाज जुळला की नातं लावायचा मोह आवरा, एवढंच सांगेन. व्हॉट्सअ‍ॅपवरच्या निम्म्या व्युत्पत्त्या तिथेच घसरतात.