देवांना शीण येतो का, आणि घरच्या देवांचा शीण कसा काढावा?

तुम्ही विचारलंय की आषाढीत विठोबा रात्रंदिवस उभा असतो, मग त्याला थकवा येत नाही का. आणि पुण्यातल्या फ्लॅटमधल्या देवांसाठी काही करता येईल का.

येतो, असं धरूनच पंढरपुरात सगळी व्यवस्था आहे. आषाढी जवळ आली की देवाचा पलंग काढतात. रात्री देवाला निजवायची शेजारतीही बंद, झोपायचंच नाही तर शेज कुणासाठी? पाठीशी मऊ लोड देतात, रखुमाईला तक्क्या. मग दर्शन 24 तास. गर्दी ओसरली की प्रक्षाळपूजा: पायांना लिंबू-साखर चोळून गरम पाण्याने स्नान, पलंग परत जागेवर, रात्री शेजारतीला काढ्याचा नैवेद्य. तुळजाभवानी तर नवरात्राआधी घोर निद्रा घेते आणि दसऱ्यानंतर कोजागरीपर्यंत श्रमनिद्रा. मूर्ती चल, म्हणजे जागेवरून हलवता येणारी आहे, त्यामुळे खरोखरच पलंगावर निजवतात. आपल्या सारसबागेतल्या गणपतीचा थंडीतला स्वेटर-कानटोपीही मी याच खात्यात धरतो.

घरी यासाठी दसऱ्यानंतरचा दिवस घ्या. नवरात्रात घटी बसलेले देव नऊ दिवस हलवत नाहीत, त्यामुळे नंदादीपाच्या तेलाचा आणि काजळीचा राप चढलेला असतो. तो आधी रिठ्याच्या कोमट पाण्याने काढा. तेलावर चिंच चालत नाही, लोक तिथेच चुकतात आणि मग जोर लावतात. राप गेल्यावर पितळेला चिंचेचा कोळ, दोन मिनिटं, बस्स. जास्त ठेवलात तर आंबटाने जस्त निघून पितळ गुलाबी दिसू लागतं. चांदीच्या टाकांना, म्हणजे देवाचा उठाव असलेल्या पत्र्यांना, फक्त रिठा आणि मऊ सुती फडकं. पत्रा पातळ असतो, दाबलं की उठाव बसतो. रांगोळीने किंवा राखेने घासू नका. जुन्या देवघरांत नाक-डोळे गुळगुळीत झालेली अन्नपूर्णा दिसते ना, ती त्यानेच. शाळिग्राम आणि बाणाला (शंकराच्या दगडी लिंगाला) नुसतं पाणी. शेवटी बाळकृष्णाच्या गुडघ्याखालची खाच कापसाच्या वातीने टिपा, तिथे पाणी राहिलं की हिरवं चढतं.

काढ्याचं घरगुती माप: 2 वाट्या पाणी, 4 मिरी, 2 लवंगा, पेरभर दालचिनी, पाव चमचा सुंठ, उकळून एक वाटी करा. सुपारीएवढा गूळ गॅस बंद केल्यावर. दूध नको, गुळाने फाटतं. नैवेद्य दाखवून झाला की देव घासणाऱ्याने प्यावा.