वीर सापाला मारतात, मग आपण त्याची पूजा का करतो?

प्रिय चिऊ,

अनेक आशीर्वाद.

नागपंचमीला पाटावर चंदनाने नाग काढताना तू विचारलंस, "आई, शाळेत आम्ही ग्रीकांच्या गोष्टी शिकतोय. त्यांत प्रत्येक वीर कुठला ना कुठला साप मारतो. आणि आपण सापाला दूध-लाह्या वाहतो. आपण त्याला घाबरतो म्हणून का?" या प्रश्नाचं उत्तर दिंडं उकडता उकडता द्यावंसं मला वाटलं नाही. म्हणून हे पत्र. मराठीतून लिहिते आहे. कुठे अडलीस तर विचार, पण शेवटपर्यंत वाच.

आधी ग्रीकांकडेच जाऊ, कारण त्यांची अर्धीच गोष्ट तुझ्यापर्यंत पोचली आहे. हर्क्युलिसने हायड्रा ही अनेक डोक्यांची सर्पीण मारली, पर्सिअसने केसांच्या जागी साप असलेल्या मेड्युसाचं डोकं उडवलं, अपोलो देवाने पायथॉन या सापाला बाण मारले, हे सगळं खरं. पण हेच ग्रीक घरात, देवळात आणि थडग्यापाशी सापाशी कसे वागत होते, ते कुणी सांगत नाही.

अथेन्स हे अथेना देवीचं शहर. तिथल्या अक्रोपोलिस या गडावर देवीच्या देवळात एक मोठा साप राहतो आणि तो गडाची राखण करतो, अशी लोकांची श्रद्धा होती. दर महिन्याला त्याच्यासाठी मधाच्या केकचा नैवेद्य ठेवत आणि तो दर वेळी संपलेला असे. इ.स.पू. ४८० मध्ये इराणचा सम्राट झेर्क्सिस अफाट सैन्य घेऊन अथेन्सवर चालून आला. शहर सोडून जायचं ठरलं, पण घरदार सोडायला कुणाचा पाय निघतो? त्या वेळी पुजारिणीने सांगितलं, या महिन्याचा नैवेद्य तसाच पडून आहे. लोकांनी अर्थ लावला की देवी स्वतःच गड सोडून गेली. मग ते झपाट्याने निघाले. हे हिरोडोटस या ग्रीक इतिहासकाराने लिहून ठेवलं आहे. कित्येक शतकांनंतर प्लुटार्क नावाचा लेखक म्हणतो की थेमिस्टोक्लीज नावाच्या पुढाऱ्यानेच पुजाऱ्यांना तसं सांगायला लावलं होतं. तसं असेल तर मला ही गोष्ट आणखीच महत्त्वाची वाटते. सगळं शहर हलवायचं होतं, आणि त्यासाठी त्या हुशार माणसाला एका सापाचा न खाल्लेला नैवेद्य पुरला. इतका त्या सापावर लोकांचा जीव होता.

त्याच गडावरच्या पार्थेनॉन देवळात फिडिअस या शिल्पकाराने घडवलेली अथेनाची सोन्याची आणि हस्तिदंताची मूर्ती होती. ती इ.स.पू. ४३८ मध्ये देवीला अर्पण झाली. मूळ मूर्ती आज नाही, पण तिच्या छोट्या प्रतिकृती सापडल्या आहेत. त्यांत देवीच्या ढालीच्या आडोशाला एक मोठा साप वेटोळं घालून बसलेला दिसतो. हा साप म्हणजे एरिक्थोनिअस असावा, असं पॉसेनिअस नावाचा प्रवासी लिहितो. एरिक्थोनिअस म्हणजे जमिनीतून जन्मलेलं मूल, ज्याला अथेनाने वाढवलं. अथेन्सचा पहिला राजा केक्रॉप्स तर कमरेच्या वर माणूस आणि खाली साप. आम्ही बाहेरून आलेलो नाही, याच मातीतून उगवलो, हा अथेन्सच्या लोकांचा मोठा अभिमान होता. तो दाखवायला त्यांना बिळातून वर येणाऱ्या सापासारखा दुसरा प्राणी कुठे मिळणार? आणि गंमत बघ, त्याच मूर्तीच्या छातीवर मेड्युसाचं डोकंही होतं. देवीने एक साप पायाशी सांभाळला आणि दुसरी, केसांच्या जागी साप असलेली, चिलखतासारखी अंगावर घेतली.

आता मारण्याबद्दल. गोष्टीच्या पुस्तकात साप मेला की गोष्ट संपते. ग्रीकांकडे ती तिथे संपत नव्हती. डेल्फी या तीर्थस्थानी पायथॉन हा धरणीमातेच्या स्थानाचा राखणदार होता. अपोलोने त्याला मारलं आणि ती जागा घेतली. पण देव असूनही त्याला त्या हत्येचा दोष लागला. शुद्ध होण्यासाठी त्याला दूर उत्तरेला टेम्पेच्या दरीत जावं लागलं. त्याची आठवण म्हणून डेल्फीत दर आठ वर्षांनी एक उत्सव होई. त्यात एक मुलगा अपोलो होऊन टेम्पेला जाई आणि तिथून लॉरेलच्या फांद्या घेऊन परत येई. भविष्य सांगणारी पुजारीण पायथिया, आणि तिथे होणारे खेळही पायथियन. देव जिंकला, पण नाव सापाचंच चाललं.

कॅडमस नावाच्या वीराचं तर आयुष्यच यात गेलं. थीब्ज शहर वसवण्यासाठी त्याने झऱ्याची राखण करणारा एक साप मारला. तो साप युद्धदेव एरीजचा होता. त्याबद्दल कॅडमसला आठ वर्षं एरीजची चाकरी करावी लागली. पुढे त्याच्या मुलींवर आणि नातवांवर एकामागून एक संकटं आली. शेवटी म्हातारपणी तो आणि त्याची बायको हर्मोनिया स्वतःच साप झाले. गोष्ट म्हणते की देवांनी मग त्या दोघांना पुण्यवंतांच्या लोकात पाठवलं. मला या गोष्टीचा शेवट फार आवडतो. ज्याला मारलं तेच रूप घेऊन तो माणूस निवांत झाला. आणि हर्क्युलिस? हायड्राच्या विषात त्याने आपले बाण बुडवले होते. तेच विष फिरून एका वस्त्रातून त्याच्याच अंगाला लागलं आणि त्यातच तो गेला.

घरातही साप होता. कोठीघराचा राखणदार झ्यूस, म्हणजे त्यांचा देवांचा राजा, सापाच्या रूपात असतो असं ग्रीक मानत. अथेन्सचं बंदर पिरेअस इथे इ.स.पू. चौथ्या शतकातली दगडी शिल्पं सापडली आहेत. त्यांत झ्यूस मिलिखिओस, म्हणजे शांत झालेला झ्यूस, भल्यामोठ्या सापासारखा उभा आहे आणि समोर बायका-पुरुष हात वर करून प्रार्थना करताहेत. त्याच शतकात थिओफ्रास्टस नावाच्या लेखकाने माणसांच्या स्वभावांची वर्णनं लिहिली. त्यातला अति भाविक माणूस घरात पवित्र साप दिसला की लगेच त्या जागी छोटं देऊळ बांधायला घेतो. लेखक त्याला हसतो आहे, पण अशी माणसं आजूबाजूला होती म्हणूनच ना?

मेलेल्या पूर्वजांशीही सापाचं नातं होतं. स्पार्टाजवळच्या क्रिसाफा गावचं इ.स.पू. सहाव्या शतकातलं एक शिल्प बर्लिनच्या संग्रहात आहे. एक जोडपं सिंहासनावर बसलेलं आहे, समोर अगदी चिमुकली माणसं कोंबडा, फूल, डाळिंब घेऊन आली आहेत, आणि सिंहासनाच्या मागून एक साप वर उठला आहे. ते जोडपं जिवंत नाही, ते पूजेला पोचलेले पूर्वज आहेत, हे पाहणाऱ्याला त्या सापावरून कळत होतं. बर्लिनला गेलो की आपण ते शोधू.

आता तुझ्या रोजच्या रस्त्यावरचा साप. इथे जर्मनीत औषधाच्या दुकानांवर मोठा लाल 'ए' असतो, त्यात एक पेला आणि त्याला विळखा घातलेला साप. तो पेला आरोग्याची देवी हायजिया हिचा. तिचे वडील अस्क्लेपिअस, वैद्यांचे देव, त्यांच्या काठीलाही एकच साप. (हर्मिसच्या काठीला दोन साप असतात. तो निरोप्या आणि व्यापाऱ्यांचा देव. पुष्कळ जण दवाखान्यावर चुकून त्याची काठी लावतात.) अस्क्लेपिअसचं मोठं तीर्थ एपिडॉरस इथे होतं. आजारी माणसं दुरून येत, अंघोळ करून, देवाला वाहून एका खास दालनात रात्री झोपत, आणि स्वप्नात देव येऊन इलाज करतो अशी वाट पाहत. बऱ्या झालेल्यांच्या हकिकती तिथल्या शिळांवर कोरलेल्या आहेत. एकाच्या पायाच्या बोटाला वाईट जखम होती. त्याला दिवसा बाहेर आणून बसवलं, त्याचा डोळा लागला, इतक्यात आतून एक साप आला, त्याने जिभेने ते बोट बरं केलं आणि तो परत आत गेला. जागा झाल्यावर तो माणूस म्हणाला, स्वप्नात एक देखणा तरुण माझ्या बोटाला औषध लावत होता. म्हणजे झोपलेल्याला देव दिसला आणि जागे होते त्यांना साप दिसला. दोघांनी एकच पाहिलं, असं ग्रीकांना म्हणायचं आहे.

रोमवर साथ आली तेव्हा इ.स.पू. २९१ मध्ये रोमनांनी एपिडॉरसहून या देवाला आणलं, ते मूर्ती म्हणून नाही, तर एक जिवंत साप म्हणून. तो टायबर नदीतल्या बेटावर उतरला म्हणून तिथे देऊळ झालं, आणि आजही त्या बेटावर रुग्णालय आहे.

पॉसेनिअस सांगतो की एपिडॉरसचे साप पिवळसर आणि माणसाळलेले होते. या देवाचं नाव लावणारा साप, एस्कुलापनाटर, आपल्या जवळच टाउनसच्या जंगलात श्लांगेनबाडला राहतो. बिनविषारी आहे, उंदीर खातो, झाडावर छान चढतो. जर्मनीत तो मोजक्याच ठिकाणी उरला आहे आणि त्याला कायद्याचं संरक्षण आहे.

आता आपल्याकडे येते. मेलॅम्पस नावाचा एक ग्रीक मुलगा होता. त्याच्या नोकरांनी सापांची जोडी मारली. याने त्या मेलेल्या सापांना नीट अग्नी दिला आणि त्यांची पिल्लं वाढवली. तो झोपला असताना त्या पिल्लांनी त्याचे कान चाटले, आणि जागा झाल्यावर त्याला पक्ष्यांची भाषा कळू लागली. ही गोष्ट वाचताना मला आजीची नागपंचमीची कहाणी आठवते. शेतकऱ्याच्या नांगराखाली नागिणीची पिल्लं मरतात. ती चिडून त्याच्या घरादाराला डसते, मग सासरी असलेल्या त्याच्या मुलीला डसायला जाते. तर ती मुलगी पाटावर चंदनाचे नाग काढून दूध-लाह्यांचा नैवेद्य दाखवून हात जोडून बसलेली. नागीण शांत होते, तिला अमृत देते आणि माहेर पुन्हा जिवंत होतं. म्हणून त्या दिवशी नांगरायचं नाही, खणायचं नाही, चिरायचं नाही, तवा ठेवायचा नाही. ग्रीकांनी आपल्याकडून घेतलं किंवा आपण त्यांच्याकडून, असं मी म्हणत नाही. दोन्हीकडे शेती होती, धान्य होतं, धान्यामागे उंदीर आणि उंदरांमागे साप. आपण जमीन फोडतो तेव्हा तिथे आधीपासून राहणाऱ्या कुणाचं तरी घर मोडतं, हे दोघांनाही दिसलं होतं.

मग भीतीचं काय? हो, भीती आहे, आणि ती लपवायचं कारण नाही. श्रावणात बिळांत पाणी शिरतं, साप बाहेर येतात आणि शेतात माणसं वाकून काम करत असतात. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं हे चारही आपल्या मातीत आहेत. अलेक्झांडर भारतात आला तेव्हा ग्रीक वैद्यांना इथल्या सर्पदंशावर उपाय सापडेना. त्याने भारतीय वैद्य छावणीत ठेवले आणि कुणाला साप चावला तर राजाच्या तंबूकडे यावं अशी दवंडी पिटली, हे त्याच्याबरोबर आलेल्या निआर्कसच्या आधाराने एरिअन या इतिहासकाराने लिहिलं आहे. पण ज्याची भीती वाटते त्याला मारून टाकणं हा एकच मार्ग असतो, असं तुझ्या आजी-पणजीला कधी वाटलं नाही. त्यांनी त्याला वर्षातला एक दिवस दिला.

मेड्युसाचंही ऐक. तिचं रक्त अथेनाने अस्क्लेपिअसला दिलं. डाव्या बाजूच्या शिरांमधलं माणूस मारणारं आणि उजव्या बाजूचं वाचवणारं, मेलेल्यालाही उठवणारं. आज सापाच्या विषाचे अगदी थोडे डोस घोड्यांना देतात, त्यांच्या रक्तात विषाला अडवणारी प्रतिपिंडं तयार होतात, आणि त्या रक्तापासून सर्पदंशावरचं औषध बनतं. मुंबईच्या हाफकिन संस्थेत ते तयार होतं. खेड्यातल्या सरकारी दवाखान्यात ते वेळेवर मिळालं तर माणूस घरी परततो.

एक गोष्ट मात्र नीट लक्षात ठेव. साप दूध पीत नाही. तो मांसाहारी आहे, आणि तहानेने व्याकूळ करून त्याला दूध पाजलं तर ते त्याला बाधतं. सांगली जिल्ह्यात बत्तीस शिराळ्याला पूर्वी जिवंत नाग पकडून पूजा होत असे. वन्यजीव संरक्षण कायद्यामुळे न्यायालयाने त्यावर बंधनं घातली, आणि ते योग्य झालं असं मला मनापासून वाटतं. आपलं दूध चंदनाच्या नागाला. कहाणीतल्या मुलीनेही तेच केलं होतं.

वर्गात यावर बोलायचं असेल तर अक्रोपोलिसच्या नैवेद्याची गोष्ट सांग, ती कुणालाच माहीत नसते. आणि वसंतात ऊन पडू लागलं की आपण श्लांगेनबाडला जाऊ. साप दिसला तर लांबून बघायचं, हात लावायचा नाही.

तुझी,
आई