अष्टपैलू एडिटर आणि "क्रेडिटचं नंतर बघू"

जाहिराती, माहितीपट, मालिका असं सगळं केल्यामुळे "तुमची खासियत काय?" असं विचारतात, आणि आता दुसऱ्याने अर्धवट सोडलेली फिल्म सावरायला बोलावलंय, असं तुम्ही लिहिलंय. "क्रेडिटचं नंतर बघू म्हणाले" इथे मी थबकलो.

खासियतीचं मनावर घेऊ नका. एडिटर रेणू सलुजांना 'परिंदा'च्या एडिटिंगसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि 'सरदार'साठीही. एक गुन्हेगारीपट, दुसरा चरित्रपट. शोरील (निवडक कामाचा नमुना व्हिडिओ) मात्र वेगवेगळ्या ठेवा. जाहिरातीचे कट बघून कुणी दोन तासांची फिल्म हातात देत नाही.

घात वेगळ्याच ठिकाणी होतो. सगळं जमणाऱ्याला अडलेल्या फिल्मवर बोलावतात, आणि फिल्म अडली होती हे नंतर कुणालाच आठवायचं नसतं. मी असाच गेलो. एक उपकथानक काढलं, मध्यंतरानंतरचा भाग नव्याने रचला. दिग्दर्शक मित्र, म्हणून लेखी काही नाही. पिक्चर लॉक झाल्याच्या, म्हणजे कट अंतिम ठरल्याच्या संध्याकाळी सगळ्या फाइल्सची ड्राइव्ह देऊन मोकळा झालो. हीच माझी घोडचूक. पडद्यावर एडिटर म्हणून पहिल्याचंच नाव, मी 'विशेष आभार'मध्ये. प्रॉडक्शन ऑफिस म्हणे दिग्दर्शकाला विचारा, दिग्दर्शक म्हणे ऑफिसला. शेवटी उत्तर आलं, "टायटल्स रेंडर झाली, आता बदलता येत नाहीत." अहो, हे एडिटरला सांगताय?

मी वकील नाही, तुमच्याकडचे नियम वेगळे असतील. तरी कामाला बसण्याआधी एक ईमेल पाठवाच: क्रेडिट नेमकं कोणत्या शब्दांत, बदलांच्या फेऱ्या किती, आणि शेवटचा हप्ता मिळाल्यावरच ड्राइव्ह. उत्तरात नुसतं "ओके" आलं तरी जपून ठेवा. उत्तरच आलं नाही, तर मी तरी जाणार नाही.

जाता जाता, दुसऱ्याचा प्रोजेक्ट उघडलात की आधी फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रं, ते बघा. कॅमेरा २३.९७६ आणि आवाज २४ धरून जुळवलेला असेल, तर तासाभरात सिंक, म्हणजे चित्र-आवाजाचा मेळ, ३.६ सेकंदांनी सरकतो, आणि बोल तुम्हालाच.

आणि पहिल्या एडिटरला स्वतः फोन करा. संकोच वाटतो, मलाही वाटला, म्हणून केला नाही. माझ्या फिल्मचा पहिला एडिटर वर्षभराने भेटला तेव्हा कळलं, त्याचेही दोन हप्ते बुडाले होते आणि म्हणूनच तो निघून गेला होता.